पणजोबांची बैठक

कोल्डरिग फार्म
१० सप्टेंबर १९३४

चि. कडीस,

हेस्टरचे आशीर्वाद, वि. वि. आशीर्वाद पुरेसे आहेत की कसे, ते खालचा मजकूर वाचून तूच ठरव.

काल गवताची शेवटची गाडी आत घेत होते, तेव्हा कुंपणावरून तीन पुरुष उतरले. फाटक चार पावलांवर होतं, पण शिकलेली माणसं दिसत होती, म्हणून मी काही बोलले नाही. त्यातल्या उंच गृहस्थाने टोपी काढली आणि धर्मोपदेशक कथबर्ट टेल्फर यांची बहीण ती मीच का, असं विचारलं. बाबा गेल्यापासून हे शेत, ह्या मेंढ्या आणि हे गळकं घर मी एकटी सांभाळते. पण आता या वयात मला तुझी बहीण म्हणून बढती मिळाली, याचा आनंद आहे.

गृहस्थाचं नाव डॉ. पिम. सीमेवरच्या पुराणवस्तू मंडळाचे. आपल्या कुरणाखाली रोमन सैन्याचं ठाणं आहे हे त्यांना आधीपासून ठाऊक होतं. ते आपल्या मेंढ्यांनाही ठाऊक आहे. रोमन भिंतीच्या आडोशालाच त्या वारा चुकवतात. पण डॉक्टरांच्या खिशात तुझा तो लेख होता, तुमच्या चॅपेलच्या मासिकातला. त्यात पणजोबा इझेकायल यांना स्वप्नात दृष्टान्त झाला, आणि त्यांनी घरामागे रोमन ख्रिस्ती सैनिकांचं चॅपेल शोधून काढलं, असं छापलं आहे म्हणे. समोरासमोर दगडी बाकांच्या दोन रांगा, मधे फरसबंदी, आणि त्या फरशीत बाप्तिस्म्याच्या पाण्याची पन्हळ.

बाकं आहेत, फरशी आहे, पन्हळही आहे. स्वप्न मात्र मी पहिल्यांदाच ऐकलं. आजी सांगायची की पणजोबांची मेंढी हरवली होती आणि ती तिथे पाय अडकून बसली होती. मेंढीला तू लेखातून वगळलंस, हे बरं केलंस. तिला कुठे वाचता येत होतं!

इस्टेटीने खणायला परवानगी दिली आहे. मालक ते, कूळ मी. कुळाला विचारायची पद्धत नाही. तुला मात्र विचारते: एवढी हौस होती तर फावडं घेऊन स्वतः का नाही आलास?

कळावे. तुझ्या विनीला माझी आठवण सांग. माझ्यावर लोभ आहे तेवढा पुरे, आणखी वाढवू नकोस. तुझा लोभ वाढला की माझ्या कुरणात खड्डे पडतात.

हेस्टर

—

न्यूकॅसल
१६ सप्टेंबर १९३४

ती. ताईस,

कथबर्टचा सा. न. वि. वि. पत्र मिळालं. आनंद झाला, म्हणजे त्यातल्या बातमीचा. सूर नेहमीचाच होता.

ताई, तुला या घटनेचं महत्त्व कळलेलं दिसत नाही. या देशातलं सर्वांत जुनं प्रार्थनास्थळ आपल्या घराला लागून असेल! पणजोबांनी तिथे जूनची प्रार्थनासभा सुरू केली, आजोबांनी ती चालवली, बाबांनी चालवली आणि आता विसाव्या वर्षापासून दर जूनला मी येऊन चालवतो. हे सगळं उगाच झालं का? मार्चमध्ये आमच्या चॅपेलचा कारभारी निवडायचा आहे. मी उभा आहे आणि तो सेप्टिमस हारबॉटलही उभा आहे. हारबॉटलचे पणजोबा खाटीक होते. मी काही बोलत नाही, पण लोक विचार करतातच.

तेव्हा डॉक्टरसाहेबांना नीट चहा दे. तव्यावरचे मनुकांचे केक कर, ते तुला चांगले जमतात. काळा झगा घाल. आणि हरवलेल्या मेंढीची गोष्ट कृपा करून सांगू नकोस. तुझा स्वभाव मला माहीत आहे. स्वर्गातून देवदूत उतरला तरी तू त्याला आधी पाय पुसायला लावशील.

क्रूस सापडताच तार कर. लोभाची वृद्धी व्हावी, तू नको म्हणालीस तरी.

तुझा,
कथबर्ट

—

कोल्डरिग
२ ऑक्टोबर १९३४

चि. कडीस,

आशीर्वाद, वि. वि. आणि मनःपूर्वक अभिनंदन.

तार करणार होते, पण पोस्टातल्या मुलीला तो शब्द लिहायला लावणं बरं दिसलं नसतं. म्हणून पत्र.

काल दुपारी डॉ. पिम टोपी हातात घेऊन स्वयंपाकघरात आले आणि मी बसून घ्यावं असं म्हणाले. मला वाटलं, कुणी खड्ड्यात पडलं. त्यांनी आधी लॅटिनमध्ये काहीतरी सांगितलं. मी म्हटलं की मला साध्या भाषेत सांगा. ते लाल झाले. मी म्हटलं, मी गाई पाळते, मला कशाची लाज वाटत नाही. तेव्हा कुठे त्यांनी सांगितलं की बाकांच्या मागची माती उपसली, तर खाली पुरुषभर खोल गटार निघालं, आणि दगडांत लाकडी बैठका बसवायच्या खाचा. थोडक्यात, आपल्या चॅपेलमध्ये रोमन सैनिक दोन रांगांत समोरासमोर बसत हे तुझ्या लेखातलं वाक्य अक्षरशः खरं ठरलं आहे. फक्त ते प्रार्थना करत नव्हते.

संडास, कडी. अख्ख्या ठाण्याचा संडास.

पन्हळीचंही विचारलं मी. विचारायला नको होतं. काम झाल्यावर ते लोक काठीला स्पंज बांधून वापरत आणि मधल्या पन्हळीत खळबळत. म्हणजे आपल्या घराण्यात चार पिढ्यांचा बाप्तिस्मा कशात झाला, ते आता शास्त्राने सिद्ध झालं. माझाही झाला, तुझाही झाला. आई सांगायची, त्या दिवशी तू भोकाड पसरलं होतंस. सगळ्या मंडळींत तू एकटाच शहाणा होतास, असं आता वाटतं. पुढे तो शहाणपणा टिकला नाही ही गोष्ट वेगळी. आपल्याकडे कथबर्टला लाडाने कडी म्हणतात आणि गाढवालाही कडीच म्हणतात. आईने हा घोळ कधी निस्तरला नाही.

पणजोबांनी उघड्यावर सभा भरवल्या म्हणून आपण केवढे मिरवतो! रोमन लोकांनी निदान वर छप्पर तरी घातलं होतं. तिकडच्या कडेच्या वाफ्यातला माझा रुबार्ब दर वर्षी भाजीपाल्याच्या प्रदर्शनात बक्षीस का घेतो, त्याचाही उलगडा झाला. मी इतकी हसले की डॉक्टरांनी मला पाणी आणून दिलं.

एक गोष्ट मात्र हसण्यासारखी नाही. आज सकाळपासून त्यांची माणसं आपलं घर टेपने मोजत आहेत. स्वयंपाकघराखाली त्याच इमारतीचा पुढचा भाग आहे म्हणे, स्नानगृह. मोजून झाल्यावर डॉक्टरांनी माझ्या नजरेला नजर दिली नाही.

कळावे. पणजोबांवर लोभ असू दे. त्यांचा हेतू चांगला होता.

हेस्टर

—

न्यूकॅसल
५ ऑक्टोबर १९३४

ती. ताईस,

सा. न. वि. वि. हे पत्र वाचून लगेच शेगडीत टाक. तुझं मी टाकलं.

कुणाला बोललीस का? बोलू नकोस. झाकली मूठ सव्वा लाखाची. डॉ. पिम यांना विचार की रोमन लोक त्या जागेचा उपयोग आधी तसा आणि नंतर प्रार्थनेसाठी करत असण्याचा संभव आहे की नाही. संभव कशाचाही असतो. नसेल तर त्यांना म्हणावं, माती परत लोटा. इतकी शतकं लोटलेलीच होती, कुणाचं काय बिघडलं होतं?

परवाच हारबॉटलने सगळ्यांदेखत विचारलं की क्रूस सापडला का. मी म्हटलं, काम खोलवर चालू आहे. लोक भारावले.

पुढच्या जूनची सभा आपण रद्द करू. जमीन फार ओली आहे असं सांगू. आणि घर मोजलं त्याचं मनाला लावून घेऊ नकोस. असली माणसं दिसेल ते मोजतात.

माझी लाज राख म्हणजे लोभ पोचला.

कथबर्ट

—

कोल्डरिग
४ फेब्रुवारी १९३५

चि. कथबर्टास,

आशीर्वाद, वि. वि. बाहेर बर्फ आहे. दूधवाल्याची गाडी आली नाही, पण नोटीस बरोबर पोचली.

मंडळ आणि इस्टेट यांचं ठरलं आहे. घर पाडायचं. आपल्या घराच्या भिंती रोमन दगडांच्या आणि खाली रोमन स्नानगृह. तेव्हा मधे जे काही बिनरोमन आहे ते काढून टाकायचं. ते म्हणजे चुलाणं, दोन खाटा आणि मी. रोमन सैन्य पंधराशे वर्षांपूर्वी आपण होऊन निघून गेलं, आणि आता माझ्याकडून घर खाली करून घेतं आहे. मुक्काम हलवायच्या दिवशी, म्हणजे १३ मे रोजी, साऱ्या परगण्यातली कुळं खाटपलंग गाड्यांवर घालून निघतात तेव्हा मीही निघायचं. कुठे, ते नोटिशीत नाही.

मेंढ्या इथेच राहणार. त्यांना कुंपण लागत नाही. आपलं रान कुठपर्यंत हे त्या आईमागे हिंडून शिकतात, आणि दुसरीकडे नेल्या तर परत येतात, म्हणून त्या जमिनीबरोबरच नव्या कुळाकडे जातात. मीही आईमागे हिंडूनच शिकले, कडी. दुसरीकडे नेलं तर मीही परत येईन आणि इथे दगडांचा ढीग असेल. हे मी थट्टेने लिहीत नाही.

आता काम सांगते. डॉ. पिम माणूस वाईट नाही. परवा चहाला आले, केकचा घास हातातच धरून बसले आणि हळूच म्हणाले की मंडळाचा एक नियम आहे. जिथे आजवर उघड प्रार्थना चालू आहे ती जागा, आणि तिला लागून असलेलं घर, यांना मंडळ हात लावत नाही. मात्र तिथे प्रार्थना चालवणाऱ्या परवानाधारक उपदेशकाने भरसभेत शपथेवर सांगायला हवं, की ती जागा हीच. आणि ती काय आहे हे जाणूनही ती माझं प्रार्थनास्थळ आहे, हेही त्यानेच म्हणायला हवं. सुनावणी हेक्सहॅमच्या सभागृहात ५ मार्चला आहे.

इथे असा उपदेशक एकच, आणि तो न्यूकॅसलला बियाणांच्या पेढीत कारकुनी करतो. सभेला येणारे गावातले म्हातारे शपथ घ्यायला तयार आहेत, पण त्यांच्या शब्दाला मंडळाच्या लेखी वजन नाही.

तुला काय वाटेल ते मला कळतं. वर्तमानपत्रवाले येतील. लोक हसतील. मार्चमध्येच तुमची निवड आहे. मी आजवर तुला टोमण्यांशिवाय काही दिलं नाही आणि काही मागितलंही नाही. आता मागते. ये.

हेस्टर

—

न्यूकॅसल
९ फेब्रुवारी १९३५

ती. ताईस,

सा. न. वि. वि. पत्र वाचून फार वाईट वाटलं. दोन दिवस विचार केला.

तू आमच्याकडेच ये. मागची लहान खोली आहे, विनी तिथलं शिवणयंत्र हलवेल. खिडकीतून अंगण दिसतं. तुझ्या वयाला तो डोंगरावरचा वारा नाहीतरी सोसत नाही. आपण दोघं शेवटी एकत्र राहू, यात देवाचाच काही हेतू असेल.

शपथेचं म्हणशील, तर ती लेखी चालेल का? किंवा बंद दाराआड? किंवा जागेचा नुसता पुरातन अवशेष असा उल्लेख करून? नेमका तो शब्दच उच्चारणं आवश्यक आहे का, एवढं डॉक्टरांना विचार. ताई, मी तीस वर्षं रविवारी उभा राहिलो की लोक गप्प बसतात. माझ्याजवळ दुसरं काही नाही. पेढीत मला कुणी नावाने हाक मारत नाही. मी हेक्सहॅमला तोंड उघडलं, की त्यानंतर मला पाहून कुणी गप्प बसणार नाही. तू समजून घेशील अशी आशा आहे.

लोभ असावा, फार असावा.

कथबर्ट

—

कोल्डरिग
१२ फेब्रुवारी १९३५

चि. कथबर्टास,

पत्र पोचलं. विनीला सांग, शिवणयंत्र आहे तिथेच असू दे. मी माझं बघेन.

हेस्टर

—

कोल्डरिग
६ मार्च १९३५

चि. कडीस,

अनेक, अनेक आशीर्वाद, वि. वि.

काल तू मला न भेटता स्टेशनवर पळालास. मी मागून येत होते, पण माझे गुडघे तुझ्या लाजेइतके वेगवान नाहीत. म्हणून जे रस्त्यात सांगायचं होतं ते लिहिते.

तू येशील असं मला वाटलं नव्हतं. मी मागच्या बाकावर बसले होते, आणि मंडळाचे वकील माझं घर पाडणं देशहिताचं कसं आहे ते सांगत होते. तेवढ्यात दार उघडलं आणि तू आलास, रविवारचा कोट घालून. तुझ्यामागे हारबॉटल. त्याच गाडीने आला असणार. असल्या प्रसंगाला त्याचा उत्साह दांडगा.

वकिलांनी तुला विचारलं, की तुमचं घराणं त्या जागेला काय म्हणतं. तू म्हणालास, चॅपेल. मग त्यांनी विचारलं, की विद्वानांच्या मते ती जागा काय आहे. कडी, तू मान वर केलीस आणि शेवटच्या रांगेला ऐकू जाईल अशा तुझ्या रविवारच्या आवाजात सांगितलंस, संडास. सभागृह असं हसलं की खिडक्यांच्या काचा वाजल्या. वर्तमानपत्रवाला टेबलावर डोकं ठेवून हसत होता. तू उभा होतास. तुझे कान लाल झाले होते. लहानपणी बाबा रागावले की व्हायचे, तसेच. मला उठून त्या सगळ्यांना बदडावंसं वाटलं.

वकिलांना वाटलं, आता एकच घाव. त्यांनी विचारलं, की हे सगळं माहीत असताना, एक सुशिक्षित ख्रिस्ती माणूस म्हणून तुम्ही तिथे पुन्हा देवाचं नाव घ्याल का. तू चष्मा पुसलास. फार वेळ पुसलास. मला वाटलं, झालं, गेलं घर.

मग तू म्हणालास, की माझ्या पणजोबांना तिथे देव भेटला. रोमन लोकांना तिथे काय भेटलं ते त्यांचं त्यांनी बघावं. जूनच्या दुसऱ्या रविवारी मी नेहमीप्रमाणे तिथे उभा राहीन, ज्यांना वास येईल त्यांनी वाऱ्याच्या वरच्या अंगाला उभं राहावं. लोक पुन्हा हसले. पण या खेपेला ते तुला हसत नव्हते, वकिलांना हसत होते. तुझ्या तोंडून असलं काही येईल असं मला माहीत नव्हतं. हा गुण आपल्या घरात फक्त माझ्याकडे आहे असा माझा समज होता.

तू बाहेर पडलास त्यानंतरचं तुला ठाऊक नाही. म्हातारी नॅन हेडली काठी टेकत उभी राहिली आणि कुणी न विचारता म्हणाली, की माझाही बाप्तिस्मा त्याच पन्हळीत झाला, आणि मी आजवर एक दिवस अंथरूण धरलं नाही. मग तिच्या मागे एकेक म्हातारा उठत गेला. अध्यक्षांनी बसायला सांगितलं तरी कुणी बसेना.

निकाल ईस्टरपर्यंत लागेल. लागेल तो लागो. पण न भेटता का गेलास?

लोभ तुझा काल सगळ्या हेक्सहॅमने पाहिला. मी आणखी काय मागू?

हेस्टर

—

न्यूकॅसल
२० मार्च १९३५

ती. ताईस,

सा. न. वि. वि. भेटलो नाही, कारण तुझा चेहरा पाहिला असता तर मी वर्तमानपत्रवाल्यासमोर रडलो असतो. आधीच त्याच्याकडे मजकूर भरपूर झाला होता.

हारबॉटल कारभारी झाला. एकतर्फीच म्हणायला हवं. पेढीत माझ्या टेबलावर कुणीतरी काठीला बांधलेला स्पंज ठेवला होता. सुबक बांधला होता. त्याच्या अर्ध्या निगुतीने ती मंडळी कामं करतील तर पेढीची भरभराट होईल. आता मला सगळे नावाने हाक मारतात. नाव कुठलं, ते विचारू नकोस.

विनीचं एक सांगतो. बातमी छापून आली तेव्हा मी पेपर लपवून ठेवला होता. तिने शोधून वाचला आणि हसता हसता ती जिन्यावरच बसली. मग डोळे पुसून म्हणाली, की इतकी वर्षं मी एका प्रतिष्ठित माणसाशी संसार करत होते, आज पहिल्यांदा तू मला बरा वाटतोस. याला काय म्हणावं मला कळत नाही, पण ती परवापासून माझ्या आवडीचं वाटाण्याचं पुडिंग करते आहे.

निकालाची वाट पाहतो. झोप नीट लागत नाही. घर राहिलं नाही, तर मी ते सगळं उगाच बोललो असं मात्र समजू नकोस.

लोभ असू द्यावा. सध्या इकडे त्याची टंचाई आहे.

तुझा,
कडी

—

कोल्डरिग
१८ एप्रिल १९३५

चि. कडीस,

आशीर्वाद, वि. वि. मंडळाचा निकाल आज सकाळी आला. घर राहिलं.

मी तो स्वयंपाकघरात उभी राहून मोठ्याने वाचला, ऐकायला कुत्रीशिवाय कुणी नव्हतं. मग खाली बसले आणि रडले. बराच वेळ रडले. हे तोंडावर तुला कधी सांगणार नाही, म्हणून लिहून ठेवते. नंतर उठून एका अडलेल्या मेंढीला मोकळं केलं. जुळी झाली आहेत.

आता निकालातली अट ऐक. त्या जागी दर जूनला उघड प्रार्थना झाली पाहिजे, आणि ती टेल्फर घराण्यातल्या उपदेशकाने चालवली पाहिजे. ज्या वर्षी होणार नाही त्या वर्षी नोटीस परत चालू. डॉ. पिम म्हणाले की याहून जास्त त्यांना मिळवता आलं नाही. मी हिशेब केला. टेल्फर घराण्यात उपदेशक एक. त्याला मूल नाही, मला नवरा नाही. म्हणजे तू आहेस तोवर हे घर आहे.

तेव्हा आता नीट वाग. ट्राम पूर्ण थांबल्याशिवाय उतरू नकोस. तुझ्या त्या पेढीत खिडकीशी बसतोस, तिथे वारा लागतो, गळ्याला काहीतरी बांधत जा. विनीला म्हणावं, पुडिंग रोज नको, पोटाला जड होतं. खोकला झाला तर भाषणं न ठोकता डॉक्टरकडे जा. उभ्या जन्मात मला तुझ्या प्रकृतीची इतकी काळजी कधी वाटली नव्हती, आणि आज दुपारभर मेंढ्यांमागे हिंडताना माझ्या लक्षात आलं की मी घराचा विचारच करत नव्हते.

लोभ असावा ही विनंती, असं इथे लिहायची रीत आहे. लोभ राहू दे बाजूला. तू असावास, ही विनंती.

तुझी,
ताई